‘आमचं काम नाही’ असं लिहून घेणारे सुधाकरकाका

सुधाकरकाका गेल्याचा फोन आला तेव्हा मी लालबागच्या माझ्या टायपिंगच्या दुकानात कुणाचा तरी भाडेकरार टाईप करत होते. त्याला महिना झाला. चाळीत माझ्या शेजारच्या खोलीत आता एकट्या काकी असतात. खरं तर गेलेल्या माणसाबद्दल हळू आवाजात लिहावं, पण काकांची आठवण आली की मला रडू कमी आणि स्फुरणच जास्त चढतं, त्याला मी तरी काय करू... त्यांचे ढीगभर अर्ज मीच टाईप केले होते.

काका चिंचपोकळीच्या एका वर्कशॉपमध्ये लेथ मशीनवर होते. युनियन काढली म्हणून मालकाने त्यांना घरी बसवलं. वर्षानुवर्षं भांडून त्यांनी कामगार न्यायालयातून आदेश मिळवला, की यांना पुन्हा कामावर घ्या. आम्ही चाळभर पेढे वाटले आणि तिथेच चुकलो. मालकाने गेटच उघडलं नाही. आदेश हातात होता, पण तो बजावायचा कुणी? महसूल कार्यालय म्हणे कामगार खात्याकडे जा, कामगार खातं म्हणे दिवाणी कोर्टात जा, आणि दिवाणी कोर्टातला कारकून म्हणे महसूलवाल्यांना विचारा. इकडे काकांच्या साठीला जेमतेम दीड वर्ष उरलेलं. साठी उलटली की आदेशाचा कागद चण्याफुटाण्याच्या पुडीला.

“काका, हे तुम्हाला साठीपर्यंत असंच टोलवणार,” मी चिडून म्हटलं.

“टोलवू दे गो. पण फुकट नाय. ‘आमचं काम नाही’ असं लिहून द्या म्हणावं, सही-शिक्क्यासकट.”

ही वर्कशॉपची सवय. तिथे एका टेबलावरचा जॉब, म्हणजे घडवायला घेतलेला भाग, दुसऱ्या टेबलावर जातो तो सही करूनच, नाहीतर बिघडवला कुणी ते कळायचं कसं? काका सरकारी कार्यालयांतही तसेच वागले. साहेब नाही म्हणाला की ते नमस्कार करून बाहेरच्या बाकड्यावर बसत, आणि लेखी मिळेपर्यंत उठत नसत. दुसऱ्या दिवशी पुन्हा त्याच बाकड्यावर. साहेबच कंटाळायचा. अशी तीन पत्रं जमली आणि मी त्यांची यथेच्छ टिंगल केली.

मग काकांच्या वकीलबाईंनी हायकोर्टात धाव घेतली. कामगार खात्याच्या अधिकाऱ्यानेच आदेश बजावावा, असा निकाल लागला. मालक लगेच हायकोर्टातच दोन न्यायमूर्तींपुढे अपिलात गेला, की त्या अधिकाऱ्याला तो अधिकारच नाही. त्या सुनावणीला मी दुकान बंद ठेवून गेले, आणि अजून तो दिवस सांगताना माझा आवाज चढतो! मालकाचा वकील अर्धा तास कलमं वाचत होता. वकीलबाई उठल्या आणि त्यांनी फक्त ती तीन पत्रं पुढे केली. दोन्ही न्यायमूर्तींनी एकेक पत्र वाचलं... परत पहिलं वाचलं... आणि मालकाच्या वकिलाला विचारलं, “म्हणजे न्यायालयाचा आदेश आहे आणि तो बजावणारा कुणीच नाही?” वकीलसाहेब पाणी प्यायले. अपील फेटाळलं गेलं. त्याच अधिकाऱ्याने पंधरा दिवसांत स्वतः जाऊन काकांना कामावर रुजू करायचं होतं. कोर्टाबाहेर येऊन मी अक्षरशः नाचत होते. काका म्हणाले, “आधी निकालाची नक्कल मिळव. मग काय ती बोंब मार.”

अधिकारी आला, गेट उघडलं. काका ठेंगणे, लेथपुढे त्यांना पायाखाली फळी लागायची. जुनी कुणीतरी फेकून दिलेली. काकांनी घरातली मांडणीची फळी उचकटली आणि खांद्यावर टाकून गेटातून आत नेली. काकींचे डबे जमिनीवर आले. पुढे आठ महिने काकांनी त्या फळीवर उभं राहून काम केलं आणि हार घालून घेऊन, रीतसर निवृत्त झाले. तेवढ्यासाठीच तर सगळा खटाटोप होता. त्यानंतर ते वर्षभरही राहिले नाहीत, याचा मला अजून राग येतो.

गेल्या आठवड्यात काकींना ती फळी हवीशी वाटली, म्हणून दोघी वर्कशॉपमध्ये गेलो. मशीनवर आता चांगला सहा फुटी कामगार आहे. फळी जागच्या जागी होती आणि तो एक पाय फळीवर, एक खाली, असा तिरका उभा राहून काम करत होता.

“अडचण नाही होत?” मी विचारलं.

“होते ना. पण ही जागा त्यांनी हायकोर्टातून आणलीय. मी कोण हलवणारा?”

काकींनी पदराने फळीवरचा लोखंडाचा चुरा झटकला. आम्ही फळी न घेताच परत आलो.