डाव्या पारड्याचा खडा

दुर्गदबैलाच्या बाजारातल्या एका धान्याच्या दुकानात पांडुरंगानं एकतीस वर्सं तराजू धरला. त्याची एक खोड होती. माल तोलायच्या आधी रिकामी पारडी गिऱ्हाइकाला दाखवायचा. "काटा बघा, अक्का. मग माल बोला." डावं पारडं झिजून हलकं झालेलं, म्हणून त्याच्या बुडाला तांबड्या दोऱ्यानं एक खडा बांधलेला. खडा असला की काटा मधोमध.

मग मालकाच्या पोरानं आकडे दाखवणारं मशीन आणलं. तराजू अडगळीत गेला. "अण्णा, तुम्ही आता पोती उचला," म्हणाला. बावन्न वर्साचा माणूस, कंबर गेलेली. पांडूअण्णानं तराजू उचलला आन् घरी आला.

एका गोदामात तोलाईवर माणूस पाहिजे होता. अट एकच, दहावी पास. अण्णाचं गणित तेवढं ऱ्हायलेलं. केशवापुरात निवेदिताबाई होत्या, खासगी शाळेत गणित शिकवायच्या. त्यांच्याकडं रोज सकाळी जाऊन बसाय लागला.

बाईंनी लिहून दिलं, तीन एक्स अधिक दोन बरोबर अकरा. "हे दोन पलीकडं न्यायचे, की वजा होतात."

"का म्हणून? ह्या पारड्यातलं माप त्या पारड्यात टाकलं तर काटा पार कलंडंल की हो!"

"अण्णा, नियम आहे तसा."

"नियम ऱ्हाऊ दे. दोन्हीकडनं दोन-दोन किलो काढा. इकडं तीन पिशव्या, तिकडं नऊ. एका पिशवीत तीन. झालं."

बाई हसल्या. "उत्तर बरोबर. पण पायऱ्या लिहायच्या हं."

"डोळ्याला दिसतंय ते काय लिवायचं?"

परीक्षेत तसंच गणित आलं. अण्णानं दोन पारडी काढली, एकात तीन पिशव्या आणि दोनाचं माप, दुसऱ्यात अकरा. दोन्हीकडचे दोन खोडले. खाली लिहिलं, तीन.

पासाला पस्तीस लागत होते, पडले तेहतीस. पेपराची नक्कल मागवली तर पारड्यांवर तांबडी रेघ, शेजारी 'पद्धत नाही' आणि भोपळा. गणित दोन मार्कांचं होतं.

तो कागद घेऊन अण्णा बाईंच्या दारात उभा राहिला. "हे बरोबर हाय म्हणून तुमी लिवून द्या की. फेरतपासणीच्या अर्जाला जोडतो."

"मी कशी देऊ, अण्णा? माझं नाव त्यात नको." मग कानडीत म्हणाल्या, "बिडरी." आन् परत मराठीत, "सोडून द्या आता."

नुसताच अर्ज गेला. मार्क तेच राहिले. गोदामात दुसरा कुणी लागला, आणि पांडूअण्णा परत त्याच दुकानात पोती उचलाय लागला.

दिवाळीनंतर बाई स्वतः त्याच्या घरी आल्या. "अण्णा, तुमचा तराजू द्या की. वर्गात तराजूवर समीकरण शिकवणार आहे. पाहुणे येणारेत शाळा बघायला."

"माझ्या पेपरातलं चित्र?"

"हो, तसंच काहीतरी," बाई म्हणाल्या आणि पदर सारखा केला.

अण्णानं तराजू आतनं पुसून आणला. आत असतानाच दातानं तांबडा दोरा तोडला होता. खडा खिशात.

दुसऱ्या दिवशी दुपारी फोन वाजला. मागनं पोरांचा गलका. "अण्णा, तीन-तीन किलोच्या पिशव्या मोजून ठेवल्यात. पोरांनी एक्स बरोबर काढला. पण काटा मध्ये येईना हो! पाहुणे बघायलेत. काय करू?"

"पद्धत लिवा की, बाई," पांडूअण्णा म्हणाला. "काट्याचं काय? बिडरी."