कोयता दाखवून ओळख

चाळिशी उलटली तरी रामहरीला त्याची आई, रतनबाई, पहिला घास स्वतःच्या हातानं भरवायची. मिश्यांना बाजरीची भाकरी लागलेला हा बाप्या बघून त्याची बायको सविता म्हणायची, "आत्या, पदरपन बांधा की गळ्यात!" पाथर्डीकडची ऊसतोडीची माणसं. दिवाळी झाली की टोळी निघणार, म्हातारी मागं राहणार.

टोळीचा मुकादम श्रीमंत. हा गडी हंगामाच्या पहिल्या दिवशीच सगळ्यांची आधार कार्डं गोळा करून स्वतःच्या पिशवीत घालतो. म्हणतो, "फडात हरवत्याल." खरं कारण शेंबडं पोरही सांगेल: कार्ड अडकलं की माणूस पळत नाही.

गेल्या माघात निरोप आला. रतनबाईचं काही खरं नाही, लेकाच्या हातचं पाणी मागतेय. श्रीमंत म्हणाला, "एकटाच जा. सविता ऱ्हाऊ दी हितं. आन् कार्ड कशाला रं? आयला दाखवायचंय व्हय?" टोळी खिदळली. रामहरीनं कोयता फडक्यात गुंडाळला आणि मिळेल त्या टेम्पोत बसला. कोयता कशाला, विचाराल. अहो, हाताला बसलेला कोयता मागं ठेवला तर तो दुसऱ्याचाच झाला म्हणायचा.

वाटेत नाक्यावर पोलिसांनी टेम्पो अडवला. त्या भागात आदल्याच दिवशी दरोडा पडला होता.

"नाव?"

"रामहरी."

"कार्ड?"

"मुकादमाकडं हाय."

"मग तू रामहरी कशावरून?"

आमच्या शहाण्यानं काय करावं? फडकं सोडलं आणि कोयता साहेबापुढं धरला. "ह्यो बघा की. ऊसतोड्या हाय मी."

कार्ड जवळ नसणं हा काही गुन्हा नाही, असं मला तालुक्याच्या एका वकिलानं चहा पिता पिता सांगितलं. असेल. पण वकील नाक्यावर नव्हता. रामहरीला ठाण्यात बसवलं. "आय मरतीया वो," तो म्हणत राहिला. हवालदार म्हणाला, "इथं आलेल्या प्रत्येकाची मरते." मुकादमाला फोन गेला. तो म्हणाला, गाडी भरली की येतो. आला दुसऱ्या दिवशी.

रामहरी गावात पोचला तेव्हा माणसं मसणवाटेवरून परतून अंघोळी करत होती. शेजारच्या भागूबाईनं त्याला जवळ घेतलं.

"लई हाका मारल्या रं तुला. डोळ्यांनी दिसत न्हवतं तिला. शेवटी आमच्या वाल्मिकनं पानी पाजलं. 'रामा, आलास व्हय?' म्हनली. त्यो म्हनला, 'व्हय आये, आलो.' मंग निवांत गेली."

"त्याला मी समजली?"

"व्हय की. तोंडावरनं हात फिरवला त्याच्या."

तेव्हापासून वाल्मिक समोरून आला की रामहरी वाट बदलतो. गावात उठवलंय, दोघांचं बांधावरून बिनसलं. कसला बांध? दोघांच्या शेतांच्या मधे आख्खा ओढा आहे.