बाळंतपणाचा व्हिसा

दिघोरीच्या सुलोचनाबाई लेकीच्या बाळंतपणासाठी परदेशी निघाल्या होत्या. दिल्लीला, त्या देशाच्या वकिलातीत, काचेमागच्या साहेबाने दुभाष्यामार्फत विचारलं, "तिथे जाऊन काय करणार?"

रिकामी बसून खाईन, असं कोणती आई सांगेल? बाईंनी हौसेने सांगितलं की बाळाला न्हाऊ घालीन, लेकीला शेक देईन, स्वयंपाक करीन. पाहुणी म्हणून अर्ज आणि बेत कामाचा, असं ठरवून साहेबाने व्हिसा नाकारला.

बाहेर उंच भिंतीपाशी मुलगा प्रवीण चिडला, "माय, फिरायले जातो म्हणाचं होतं ना!"

"लेक बाळंतीण अन् मी फिरू? त्या साहेबाच्या आजीनं काय केलं होतं, विचार जा त्याले!"

लेकीचे दिवस भरत आले होते. पहारेकऱ्याने दोघांनाही फाटकापासून हटवलं.