एवाल्डच्या हाताची घाई

एवाल्ड ग्रूबे माणूस वाईट नव्हता, त्याला पत्त्यांचा नाद तेवढा होता. एल्बे नदीकाठच्या त्या लहान गावात तो थिएटरात मूकपट दाखवायचा. यंत्र हातानं फिरवायचं, त्यामुळे खेळ कधी संपवायचा हे त्याच्या मनगटावर होतं. शेजारच्या गुत्त्यात डाव मांडला गेला, की पडद्यावरची माणसं पळत सुटायची. पाठलाग आणि मारामाऱ्यांत ते कुणाच्या लक्षातही येत नसे.

त्या आठवड्यात मात्र एका एकाकी म्हातारीचा चित्रपट लागला होता. बर्फात अडकलेल्या झोपडीत ती गुडघे टेकून प्रार्थना करते. बराच वेळ दुसरं काही घडतच नाही. अशा जागी एवाल्डचा हात हमखास जोरात चाले.

लोकांची धुणी धुणाऱ्या क्नूपबाई रोज पुढच्या बाकावर येऊन बसत. त्यांचा मुलगा आर्नो युद्धात बेपत्ता झाला होता. चर्चमधल्या सांत्वनाचा त्यांना वीट आला होता, पण पडद्यावरच्या त्या बाईबरोबर त्या हात जुळवून पुटपुटत.

एका संध्याकाळी त्यांनी एवाल्डला दारातच गाठलं.

"ती बाई प्रार्थना संपवून उठते रे, आणि मी अजून अर्ध्यावरच."

"मग जरा भरभर म्हणा की, काकू." तो हसला. डाव सुरू झाला होता.

"खरंय. माझंच मन लागत नसेल. श्रद्धा कमी पडते, दुसरं काय."

गुत्त्यात हातात चांगली पानं येऊनही एवाल्डचं लक्ष लागेना. त्याच्या मनगटाचं पाप बाईंनी आपल्या श्रद्धेवर घेतलं होतं, आणि वर त्यानं थट्टा केली होती. त्याला स्वतःची किळस आली.

शेवटच्या दिवशी त्यानं ती प्रार्थना अगदी सावकाश फिरवली. फार हळू गेलं तर दिव्याच्या आचेनं फीत पेटते, म्हणून त्याला दरदरून घाम फुटला होता.

"ग्रूबे, डोळा लागला का रे?" खालून कुणीतरी ओरडलं.

त्यानं यंत्राच्या खोलीच्या खिडकीतून खाली पाहिलं. क्नूपबाईंचे हात केव्हाच मांडीवर आले होते.

खेळ सुटताच तो धावत खाली गेला. "जमलं का, काकू?"

"जमलं की. आज तर तिच्याही आधी आटोपलं." बाईंनी डोक्याचा रुमाल घट्ट केला. "शेवटी आर्नोसाठी मागायचे ना, तेवढं गाळलं. त्यातच वेळ जात होता."

सकाळच्या गाडीनं फीत पुढच्या गावी गेली.