कापसाचा मासा

अख्ख्या खान्देशात पाण्यातून जमिनीवर आलेला पहिला प्राणी मी. आलो म्हणजे काय, दोरी तुटली म्हणून कोपरांवर सरपटत आलो, तेही रडकुंडीला येऊन. पण मला तिथवर पोचवलं आमच्या दाजींनी, म्हणजे अक्काच्या यजमानांनी. किड्यामुंग्यांचा इतका लळा असलेला माणूस धुळ्यात तरी दुसरा झाला नाही.

दाजी धुळ्याच्या हायस्कुलात विज्ञान शिकवायचे. मी जळगावचा मांडववाला. शाळेत गेलो तो फक्त गॅदरिंगचे बांबू रोवायला. 'पुराजीव महाकल्प' हे शब्द दाजी 'चहा टाक' इतक्या सहज म्हणायचे. ताटातलं भरीत म्हणजे समुद्राचा तळ, त्यातले शेंगदाणे म्हणजे पाठीवर ढाल घेऊन सरपटणारे किडे. प्रत्येक किड्याची ओळख करून देऊन मगच तो खायचे, तोवर अक्काच्या भाकरी गार. एस्टीत बसले की जळगाव-धुळे रस्ता म्हणजे पृथ्वीचं आयुष्य. "एरंडोल गेलं, पारोळा गेलं, अजून नुसतं शेवाळ! फागणे येऊ दे, मग बघ कशी गर्दी उसळते! किडे, गोगलगायी, मासे! आणि माणूस? थेट धुळ्याच्या स्टँडवर, गाडीचं दार उघडताना." एकदा कंडक्टर म्हणाला, "मास्तर, तिकीट काढा, नाहीतर शेवाळातच उतरवीन."

माणूस चंद्रावर उतरला त्या वर्षीची गोष्ट. धुळ्यात ज्या त्या गल्लीत गणपतीपुढे चंद्रच. दाजींना मात्र वर्षानुवर्षं मागे लागून पहिल्यांदाच गल्लीचा देखावा ठरवायला मिळाला होता, आणि त्यांनी ठरवलं: पाण्यातला मासा पहिल्यांदा जमिनीवर येतो. मंडळाचे अध्यक्ष कापडवाले शेठ, राजस्थानकडचे, घरात कांदासुद्धा येत नाही. ते दचकलेच.

"मास्तरजी, बाप्पासमोर मासळी?"

"मासळी नाही शेठ, पूर्वज आहे."

"तुमचा असेल."

शेवटी शेठ म्हणाले, "करा. पण फजिती झाली, तर पुढच्या वर्षापासून तुम्ही फक्त झांजा वाजवायच्या." दाजींचा चेहरा उतरला, तरी मला म्हणाले, "चंद्रावर जाणाऱ्याला घालायला पोशाख तरी होता रे. हा बिचारा उघडाच बाहेर पडला."

मासा करायचं काम माझ्याकडे. ताडपत्रीचा हौद केला, काठाला माती टाकून केळीचे खांब रोवले, झालं जंगल. गोणपाटाचा मासा शिवला. आत मी, बाहेरून दोघं दोरीनं ओढणार. मासा गुबगुबीत दिसावा म्हणून त्यात ठासून कापूस भरला. जन्म जळगावचा, आणि कापूस पाणी पितो हे डोक्यात आलं नाही!

पहिल्या संध्याकाळी आरती झाली, गल्ली तुडुंब. दाजी माइकवर ओरडले, "आणि आता, तो क्षण!" दोरी ताणली. मासा हलेना. आणखी दोघं लागले, तशी दोरी तुटली आणि ओढणारे सगळे शेठच्या अंगावर. गर्दी खो-खो हसली. माशाच्या तोंडातून मला दाजी दिसले. ओठ हलत होते, आवाज येत नव्हता.

मला काय सुचलं कोण जाणे, मी कोपरं रोवली. वीतभर सरकायचो, धापा टाकायचो, चिखलात परत घसरायचो. अंगावर ओला कापूस म्हणजे म्हैसच बसलेली. हळूहळू हसणं थांबलं. कुणीतरी ओरडलं, "चाल रे भाऊ, चाल!" मग सगळी गल्लीच ओरडायला लागली. तेव्हा कुठे दाजींना कंठ फुटला, "बघा! अस्संच झालं होतं! त्यालाही कुणी ओढलं नव्हतं!"

मी काठावर अंग टाकलं आणि शिट्ट्या, टाळ्या, ढोल, एकच कल्ला. शेठनी स्वतः येऊन पूर्वजावर गुलाल उधळला. दुसऱ्या दिवसापासून शेजारपाजारचे चंद्र ओस पडले. विसर्जनापर्यंत रोज संध्याकाळी मी जमिनीवर आलो; दोरी पुन्हा कुणी बांधूच दिली नाही. आणि दाजींच्या हातात झांजा कधीच आल्या नाहीत.

दाजी आता नाहीत. धुळ्याला जाताना फागणे आलं की अजून मी खिडकीबाहेर बघतो. गर्दी उसळलेली मला दिसते, शेजारी सांगायला कुणी नसतं.

परवा अक्काकडे बसलो होतो, तेव्हा डोळे पुसत म्हणालो, "अक्का, काही म्हण, दाजींचं विज्ञान खरं करून दाखवलं ते मीच."

लसूण सोलता सोलता, वर न बघता ती म्हणाली, "माशाले बी पाय फुटनात रे भाऊ, पन तुले अक्कल काही फुटनी नही."