राहीबाईचं सोंग

कर्जत तालुक्यातल्या त्या गावात जत्रेला सोंगं काढावीत ती हनुमंतानंच. सरपंच असो की भगत, त्यानं नुसती चाल उचलली तरी माणसं हसून बेजार व्हायची. त्याचा एक नेम होता. ज्याचं सोंग घ्यायचं, त्याच्या घरी जाऊन त्याच्या अंगावरचा कपडा मागून आणायचा. कपडा दिला म्हणजे परवानगी दिली.

नगरहून हर्षल नावाचा पोरगा सिनेमा काढायला आला आणि नेम मोडला. सिनेमाही भलताच. गोष्ट अशी नाहीच. अख्खं गाव हळूहळू वेडं होतं, शेजारी शेजाऱ्याला ओळखेनासा होतो, माणसं एकमेकांच्या दारांना बाहेरून कड्या घालतात, आणि बघणाऱ्यानं हसता हसता घाबरायचं. पहिला वेडा हनुमंत. काय करायचं ते तुम्हीच ठरवा, असं हर्षल म्हणाला.

हनुमंतानं सरळ चुलतीलाच उचललं. या राहीबाईचा मुलगा आदिनाथ ऊसतोडीला गेला आणि ट्रॉलीखाली सापडून मेला. तेव्हापासून ती रोज जेवणवेळेला रिकाम्या खोलीत त्याला हाक मारते, त्याचं ताट झाकून ठेवते आणि निजते. जिनं आईमागं आपल्याला वाढवलं, तिच्याकडं लुगडं मागायचं कोणत्या तोंडानं? त्यानं गुपचूप बायकोचं पातळ नेसलं आणि खोलीत आदिनाथच्या नावानं हाक मारली. घाबरवायला आतून 'ओ' यायला हवी, असं हर्षलचं म्हणणं. ती ओही हनुमंतानंच दिली.

सिनेमा देवळाच्या भिंतीवर दाखवला. हाक ऐकताच पोरांनी राहीबाईचं नाव घेतलं आणि गाव खदखदलं. हनुमंतही हसत होता. मग ती त्याला पुढंच बसलेली दिसली. ओ आली तशी ती उठून उभी राहिली, भिंतीकडं बघत. एकेकाचं हसू विरलं. हनुमंताला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तो मागच्या मागं घरी पळाला.

सकाळी ती दारात हजर. तिनं शिव्या घातल्या असत्या तर त्यानं मुकाट ऐकून घेतल्या असत्या. तिनं घडी घातलेलं लुगडं पुढं केलं.

"हे नेस. बायकूचं काय कामाचं न्हाई," ती म्हणाली. "आज परत हाक मार, हनमा. मी रोज मारते, पर मला कवा ओ दिली न्हाई त्यानं. तुला दिली."

हनुमंतानं दोन्ही हातांनी लुगडं घेतलं. ती ओ माझीच होती, एवढं सांगायला त्याचं तोंड उघडेना.