धुऱ्यावरची 'इतर' झाडं

मंडळी, आज सकाळी वडनेरला आमच्या वावरात नव्या रस्त्यासाठी मोजणी होती. आताच घरी आलो, आणि आईबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाहीये.

वावराची एक पट्टी रस्त्यात जाते. जमिनीसोबत झाडांचाही मोबदला मिळतो, म्हणून मोजणीला आलेल्या साहेबांनी विहीर, पाइपलाइन, झाडं असं सगळं पंचनाम्यात घेतलं. सातबारा आईच्या नावावर आहे. सही करायच्या आधी ती म्हणाली, "वाचून दाखवा."

वाचता वाचता शेवटी शब्द आला, 'इतर झाडे'.

"इतर म्हंजे कोणती?" आईनं विचारलं.

"मावशी, ती कडेच्या धुऱ्यावरची, म्हणजे बांधावरची. ती काही फळझाडं नाहीत."

"काऊन? बोर फळ नाई काय? तुमी लहानपणी खाल्ली नाई?"

मी तिला कोपरानं ढोसलं. साहेब चिडले तर कामच अडेल, ही माझी भीती. साहेब मात्र हसले. "चला, दाखवा," म्हणाले. ते दोघं धुऱ्यानं पुढे, मी मागं. बोर, कडुनिंब, चिंच, मोह, एकेकाचं नाव आणि घेर लिहून झाला, तेव्हा कुठे आईनं सही केली. वर प्रतही मागून घेतली.

परतताना मी म्हटलं, चार झाडांसाठी एवढा वाद कशाला?

"वावर त जाईनच," ती म्हणाली, "पण काय गेलं, ते त नावानं लिहिलेलं राहीन."

तुमच्या पंचनाम्यात 'इतर' असेल, तर सहीआधी विचारा. विचारलं की लिहितात, हे मी आज पाहिलं.